प्रेशर ३, पण कोड कुठला? नव्या कोडरसाठी डोळ्याच्या हायपोटोनीचे कोड

केसपेपरवर एक ओळ असते: ‘आरई १४, एलई ३’. म्हणजे उजव्या डोळ्याचं प्रेशर १४, डाव्याचं ३. नवी मुलं ही ओळ दिसली की लगेच कोडचं पुस्तक उघडतात. माझं त्यांना पहिलं सांगणं असतं, थांबा. या ओळीवरून कोड निघत नाही. ही ओळ फक्त सांगते की पुढचं पान नीट वाचायला हवं.

खानापूर, निपाणी, चिकोडी, हुक्केरी या भागातून बी.एस्सी., डी.फार्म., नर्सिंग करून मेडिकल कोडिंगकडे, म्हणजे केसपेपरवरच्या निदानाला ठरलेला कोड लावायच्या कामाकडे, वळणारी बरीच मुलं-मुली भेटतात. बहुतेक जण दहावीपर्यंत मराठी शाळेत शिकलेले. मीही तशीच, खानापूर तालुक्यातली. आधी बेळगावात हॉस्पिटलच्या रेकॉर्ड विभागात बसले, मग अमेरिकेतले चार्ट, म्हणजे तिथले केसपेपर, कोड करू लागले. डोळ्याचा विभाग आला की मुलं घाबरतात. शब्द लांबलचक, त्यात डॉक्टरांची अक्षरं, त्यात उजवं-डावं. म्हणून मी शिकवताना सुरुवातच हायपोटोनीपासून, म्हणजे डोळ्याचं प्रेशर फार उतरण्यापासून, करते. आयसीडी या आजारांच्या कोड-यादीत हा गट लहान आहे, एच ४४.४ खाली पाचच फांद्या. पण कोडिंगला लागणारी प्रत्येक सवय या पाच फांद्यांत लागते.

एक खुलासा. इथे सगळं देवनागरीत लिहिलंय, म्हणून ‘एच ४४.४११’ असं दिसेल. सिस्टिममध्ये ‘एच’ हे इंग्रजी मोठं अक्षर आणि आकडे इंग्रजी टाकायचे. टिंब तिसऱ्या खुणेनंतर येतं. काही सॉफ्टवेअर ते दाखवत नाहीत, तेवढ्याने कोड बदलत नाही.

आधी डोळा

डोळ्याच्या पुढच्या भागात सतत एक पातळ पाणी तयार होत असतं. सिलियरी बॉडी ते बनवते, मिनिटाला साधारण २ ते ३ मायक्रोलिटर. बुबुळ आणि पारदर्शक पडदा (कॉर्निया) यांच्या कोनातल्या जाळीतून ते बाहेर जातं. आपल्या मळ्यातली टाकी डोळ्यांसमोर आणा. मोटार पाणी चढवते, नळ पाणी सोडतो, दोन्हीचा मेळ बसला की पातळी टिकते. डोळ्यात ही पातळी साधारण १० ते २१ मिलिमीटर पारा असते. पाणी अडलं तर प्रेशर चढतं, आणि तिथून काचबिंदूची भीती सुरू होते. हायपोटोनीत उलटं होतं. एकतर मोटार मंदावते, नाहीतर टाकीला कुठेतरी भोक पडतं.

मोटार मंदावते ती जुन्या सुजेने, म्हणजे युव्हियायटिसमध्ये, किंवा मागचा पडदा (रेटिना) सुटल्यावर. भोक पडतं ते मार लागून, पारदर्शक पडद्यावरची जखम आरपार गेल्याने, किंवा काचबिंदूच्या ऑपरेशननंतर. ट्रॅबेक्युलेक्टोमी या ऑपरेशनात डॉक्टर पाण्याला मुद्दाम नवी वाट करून देतात. ती वाट जास्त मोकळी झाली किंवा शिवलेल्या जागेतून झिरपू लागलं, की प्रेशर हवं त्याच्याही खाली जातं. असं झिरपणं बघायला डॉक्टर डोळ्यात नारिंगी फ्लुरोसिन घालतात आणि निळ्या उजेडात पाहतात. गळती असेल तर त्या रंगात पाण्याची धार दिसते. केसपेपरवर ‘सायडेल पॉझिटिव्ह’ लिहिलेलं असेल ते याचंच.

प्रेशर ५-६ च्या खाली गेलं की डोळा मऊ पडतो. पारदर्शक पडद्याला घड्या पडतात, पुढचा कप्पा उथळ होतो, आतला कोरॉइड थर उचलला जातो, रेटिनाच्या मध्यभागी सुरकुत्या येतात आणि नजर अंधूक होते. पण आकडा कमी म्हणजे आजार आहेच असं नाही. पारदर्शक पडद्याची जाडी सरासरी ५४० मायक्रॉनच्या आसपास असते. तो पातळ असला तर यंत्र प्रेशर कमीच दाखवतं, डोळा धड असतो. हा निवाडा डॉक्टरांचा. कोडरने आकड्यावरून निदान करायचं नाही, हा नियमच आहे. डॉक्टरांनी निदानात ‘हायपोटोनी’ लिहिलं नसेल तर प्रेशर ३ असो की २, एच ४४.४ लागत नाही.

सारखे दिसणारे शब्द

इथे नवीन माणूस हमखास घसरतो. हायपोटोनी, हायपोटोनिया आणि हायपोटेन्शन हे तीन शब्द कानाला सारखेच लागतात. हायपोटेन्शन म्हणजे रक्तदाब कमी, आपण बीपी लो म्हणतो ते, त्याचा कोड आय ९५ मध्ये. हायपोटोनिया म्हणजे स्नायू ढिले, जन्मतः असेल तर पी ९४.२. डोळ्याचा एच ४४.४. इंडेक्समध्ये ‘हायपोटोनी, आय’ शोधलं की पुस्तक तुम्हाला ‘डिसऑर्डर, ग्लोब, हायपोटोनी’ कडे पाठवतं. तिथपर्यंत जा, आणि मग टॅब्युलर लिस्ट, म्हणजे कोडच्या क्रमाने मांडलेली मुख्य यादी, उघडून कोड पडताळा. इंडेक्सवरून थेट कोड उचलायचा नाही.

यांच्याहून फसवा शब्द एकच, लो-टेन्शन ग्लॉकोमा. ‘लो’ आहे, ‘टेन्शन’ आहे, डोळ्याचाही आहे, म्हणून मुलं एच ४४.४ लावून मोकळी होतात. पण हा काचबिंदूच आहे. प्रेशर सामान्य मर्यादेत असूनही नस खराब होत जाते, असा. त्याचा कोड एच ४०.१२ मध्ये, उजव्यासाठी एच ४०.१२१ आणि पुढे आजाराच्या टप्प्याचा सातवा आकडा. हायपोटोनीला असा सातवा आकडा नसतो. आणि ‘ऑक्युलर हायपरटेन्शन’ दिसलं तर तो पूर्ण उलटा आजार, एच ४०.०५.

पाच फांद्या

अमेरिकेतल्या चार्टसाठी आयसीडी-१०-सीएम, म्हणजे आयसीडी-१० ची अमेरिकेतली आवृत्ती, वापरतात. तिथे १ ऑक्टोबर २०१५ पासून ही पद्धत लागू आहे, आणि दरवर्षी १ ऑक्टोबरला नवी आवृत्ती लागते. त्यात एच ४४.४ खाली असं आहे.

एच ४४.४०, अनिर्दिष्ट हायपोटोनी. डॉक्टरांनी नुसतं ‘हायपोटोनी’ लिहिलं आणि कारण-प्रकार काहीच दिला नाही तेव्हा. हा कोड पाच खुणांतच संपतो, याला डावं-उजवं नाही. पुढे १ किंवा २ जोडून एच ४४.४०१ केलेला मी कितीदा तरी पाहिलाय. असा कोड अस्तित्वातच नाही, क्लेम तिथेच अडतो.

एच ४४.४१, पुढचा कप्पा सपाट झालेली हायपोटोनी. चार्टमध्ये ‘फ्लॅट एसी’ किंवा ‘फ्लॅट अँटीरिअर चेंबर’ लिहिलेलं असतं. नुसतं ‘शॅलो’ म्हणजे उथळ लिहिलं असेल तर ते फ्लॅट धरू नका.

एच ४४.४२, ऑक्युलर फिस्ट्युलामुळे, म्हणजे डोळ्यातलं पाणी बाहेर जाणाऱ्या नको त्या वाटेमुळे झालेली.

एच ४४.४३, डोळ्याच्या दुसऱ्या एखाद्या आजारामुळे झालेली. रोजच्या कामात जास्त लागतो तो हाच.

एच ४४.४४, प्रायमरी हायपोटोनी. बाहेरचं काही कारण सापडत नाही आणि डॉक्टर स्वतः ‘प्रायमरी’ असा शब्द लिहितात तेव्हाच. कारण लिहिलेलं नाही म्हणून आपण प्रायमरी समजायचं नाही. तेव्हा एच ४४.४०.

एच ४४.४१ ते एच ४४.४४ या चारही फांद्यांना सहावा आकडा लागतोच. १ उजवा, २ डावा, ३ दोन्ही, ९ कुठला ते लिहिलेलं नाही. उदाहरणार्थ एच ४४.४२२ म्हणजे डाव्या डोळ्यात फिस्ट्युलामुळे हायपोटोनी. एच ४४.४२ एवढ्यावर थांबलात तर कोड अपुरा. पापणीच्या कोडमध्ये मात्र हा हिशेब वेगळा असतो. तिथे १ म्हणजे उजवी वरची पापणी, २ म्हणजे उजवी खालची, डाव्या डोळ्याचे आकडे ४ पासून. एच ०२ करून एच ४४ वर आलात की डोक्यातलं कोष्टक बदला.

जुन्या फायलींत ३६०.३ ने सुरू होणारे कोड दिसतील. ते आयसीडी-९ चे, आज वापरायचे नाहीत.

बाजू

आता ज्याच्यासाठी मुख्यतः लिहायला बसले ते. आपल्या भागात डाव्या-उजव्याचा घोळ पुस्तकात नसलेल्या कारणाने होतो. आपण ज्या पेशंटचे कागद भरतो ते अर्धे मराठीत बोलतात, अर्धे कन्नडमध्ये, आणि एकाच घरात आजी कन्नड आणि नातू मराठी असंही असतं. कन्नडमध्ये उजव्याला ‘बल’ म्हणतात आणि डाव्याला ‘एड’. उजवा डोळा ‘बलगण्णु’, डावा ‘एडगण्णु’. आपल्या कानाला ‘बल’ म्हणजे ताकद, त्याचा उजव्याशी काही संबंध लागत नाही. ‘एड’ पटकन बोललं की ‘यड’ ऐकू येतं. काउंटरवरचं माणूस मराठी असेल आणि कन्नड जुजबी, तर अंदाजाने लिहितं.

रेकॉर्डला असताना माझ्या हातून झालेली गोष्ट सांगते. चिकोडीकडच्या एक आजी होत्या, ऑपरेशननंतर प्रेशर उतरलं म्हणून दाखल झालेल्या. डोळा डावा होता. ऑपरेशनच्या कागदावर ‘एलई’ स्वच्छ लिहिलेलं. पण दाखल करतानाच्या कागदावर, आजींनी ‘यडगण्णु’ म्हटलेलं ऐकून कुणीतरी ‘उ. डोळा’ लिहिलं होतं. मी ते पहिलं पान पाहिलं, उजवा धरला आणि पुढचा कागद उघडलाच नाही. वेळ वाचवला. विमा कंपनीकडून पत्र आलं, निदान उजव्या डोळ्याचं आणि ऑपरेशन डाव्याचं, खुलासा करा. आजींचा मुलगा तीन वेळा बसने आला. तिसऱ्यांदा काउंटरला टेकून म्हणाला, ‘मॅडम, आमचं काय चुकलंय तेवढं सांगा की. मी कागद आणतो.’ त्याचं काहीच चुकलं नव्हतं. पैसे अडीच आठवडे अडकले होते ते माझ्या एका न उघडलेल्या पानामुळे. तेव्हापासून मी बाजू तीन जागी पाहिल्याशिवाय कोड टाकत नाही, आणि शिकणाऱ्यांनाही तेच करायला लावते.

त्या तीन जागा म्हणजे डॉक्टरांचं निदान, तपासणीचे आकडे आणि ऑपरेशन किंवा प्रोसिजरचा कागद. तिन्हींत एकच डोळा असला तर पुढे जा. एक जरी वेगळं निघालं तर थांबा आणि विचारा. नोंदणीच्या कागदावर किंवा पेशंटच्या तोंडच्या शब्दावर बाजू ठरवायची नाही. ते कागद फक्त शंका उठवण्यापुरते.

संक्षेपही पाठ करून ठेवा. आरई उजवा, एलई डावा, बीई दोन्ही. जुने डॉक्टर लॅटिन वापरतात, ओडी उजवा, ओएस डावा, ओयू दोन्ही. मराठीत लिहिलेल्या चिठ्ठीवर ‘डा. डो.’ दिसेल, ते डावा डोळा. घाईच्या अक्षरात ‘डा.’ चं ‘डॉ.’ वाचलं जातं आणि बाजूच गायब होते. मी स्वतः एकदा ‘डॉ. डो.’ वाचून कुठल्या डॉक्टरांचं नाव अर्धवट राहिलं म्हणून विचारायला गेले होते.

९ चा कोड, म्हणजे ‘कुठला डोळा ते नाही’, हा शेवटचा उपाय. डोळ्यांच्या ओपीडीत कुठला डोळा ते कुठेच नाही असं सहसा होत नाही. मुख्य डॉक्टरांनी निदानात बाजू लिहिली नसेल, पण त्याच चार्टमध्ये उपचार करणाऱ्या दुसऱ्या माणसाने नोंदवली असेल, तर ती बाजू घेण्याची मुभा सीएमच्या नियमांत आहे. म्हणून ९ टाकण्याआधी चार्ट पुन्हा एकदा पहिल्यापासून चाळा.

कारण

बाजू सापडली की मग ‘कशामुळे’. कारण मिळालं की फांदी मिळते. चार्टमध्ये ‘ड्यू टू’, ‘सेकंडरी टू’, ‘कॉज्ड बाय’ असे शब्द शोधा. ते जोडणारे शब्द आहेत. ‘आफ्टर’, ‘पोस्ट’ किंवा ‘विथ हिस्टरी ऑफ’ हे नुसता क्रम सांगतात. ऑपरेशन झाल्यानंतर प्रेशर उतरलं आणि ऑपरेशनमुळे उतरलं यात फरक आहे. गुंतागुंतीचा कोड लावायचा तर डॉक्टरांनी तसा संबंध लिहिलेला असला पाहिजे, आपण तारखांवरून जोडायचा नाही.

आता गळतीचा अवघड भाग. डॉक्टर लिहितात ‘ब्लेब लीक’ (ऑपरेशनने केलेल्या वाटेवरच्या फुगीतून गळती), ‘वुंड लीक’ (जखमेतून गळती). पुस्तकात शब्द आहे ‘फिस्ट्युला’. दोन्हींचा अर्थ जवळचा आहे, आणि समजून घेणाऱ्याला वाटतं की पाणी बाहेर येतंय म्हणजे फिस्ट्युलाच. पण एका वैद्यकीय शब्दाचं दुसऱ्या वैद्यकीय शब्दात भाषांतर करायचा अधिकार कोडरला नाही. इथे क्वेरी, म्हणजे डॉक्टरांना लेखी प्रश्न, काढायची. तीही अशी, की उत्तर तुमच्या तोंडचं डॉक्टरांच्या तोंडात जाणार नाही. मी नमुना म्हणून मराठीत लिहिते, खरी क्वेरी तुमच्या क्लायंटच्या साच्यात इंग्रजीत जाईल:

‘डाव्या डोळ्याचं प्रेशर ३, सायडेल पॉझिटिव्ह, पुढचा कप्पा उथळ अशी नोंद आहे. निदानात हायपोटोनी लिहिली आहे. तिचं कारण कृपया स्पष्ट करावं: ऑक्युलर फिस्ट्युला, डोळ्याचा अन्य आजार (कोणता ते), अन्य कारण, किंवा सांगता येत नाही.’

पुढे ‘हो/नाही’ असा एकच पर्याय ठेवला, किंवा ‘हे फिस्ट्युलामुळेच आहे ना?’ असं विचारलं, तर ऑडिटमध्ये क्वेरी बाद होते. शिवाय तसं विचारणं बरोबरही नाही. कोणत्या कोडने जास्त पैसे मिळतात याचा उल्लेख क्वेरीत कधीही करू नका.

डॉक्टरांनी प्रश्नचिन्ह टाकून ‘? हायपोटोनी’ लिहिलं किंवा ‘प्रॉबेबल’, ‘रूल आउट’ म्हटलं, तर ओपीडीत तो आजार कोड करत नाहीत. जे लक्षण घेऊन पेशंट आला ते कोड करायचं. अंधूक दिसत असेल तर एच ५३.८. अमेरिकेतल्या हॉस्पिटलमध्ये दाखल पेशंटचा नियम मात्र वेगळा आहे. डिस्चार्जच्या वेळीही ‘प्रॉबेबल’ राहिलं असेल तर ते असल्यासारखं कोड करतात. म्हणून चार्ट उघडताच पहिल्यांदा तो ओपीडीचा आहे की दाखल पेशंटचा ते बघा.

एक चार्ट पूर्ण सोडवू

हुक्केरीकडचा ऊसतोडीचा गडी, वय ४०. आठवड्यापूर्वी उसाचं पान उजव्या डोळ्याला लागलं. चार दिवस घरीच थेंब घातले, मग दुखणं वाढलं. तपासणीत नजर खूप कमी, पारदर्शक पडद्यावर जखम आणि ती आरपार गेलेली, पुढचा कप्पा सपाट, डोळा मऊ. असे डोळे आपल्याकडे तोडणीच्या हंगामात येतात. पान लागणं साधं वाटतं, म्हणून माणूस उशिरा येतो. निदान असं: ‘परफोरेटेड कॉर्नियल अल्सर आरई, फ्लॅट एसी हायपोटोनी’.

बाजू: निदानात आरई, तपासणीत आरई, ऑपरेशनच्या कागदातही आरई. ठीक.

आजचं काम मुख्यतः कशासाठी झालं? जखम आरपार गेली म्हणून. तो पहिला कोड. एच १६.०७ म्हणजे आरपार गेलेला कॉर्नियल अल्सर, उजवा म्हणून एच १६.०७१.

हायपोटोनीत डॉक्टरांनी ‘फ्लॅट एसी’ लिहिलंय, म्हणून एच ४४.४१ ची फांदी, उजवा, एच ४४.४११.

इथे पुष्कळ जण तिसरा एच ४४.४३१ ही जोडतात, कारण हायपोटोनी अल्सरमुळेच झाली असं त्यांना दिसतं. मी जोडत नाही. डॉक्टरांनी कप्पा सपाट असल्याचं सांगून त्या हायपोटोनीला नाव दिलंय, आणि अल्सर स्वतंत्र कोडमध्ये आला आहे. एकाच मऊ डोळ्याला दोन हायपोटोनी लावल्या की ऑडिटर पहिला प्रश्न तोच विचारतो.

दुसरा नमुना लवकर उरकते. डाव्या डोळ्याचा मागचा पडदा (रेटिना) पूर्ण सुटलेला, डॉक्टर लिहितात, ‘हायपोटोनी सेकंडरी टू टोटल रेटिनल डिटॅचमेंट, एलई’. कारण जोडलेलं आहे, ते डोळ्याचा दुसरा आजार आहे, म्हणून एच ४४.४३२. त्याबरोबर कारणाचा कोड एच ३३.०५२. याच डोळ्यात कोरॉइडखाली पाणी साठून तो उचललाय असं डॉक्टरांनी लिहिलं तर सिरस कोरॉइडल डिटॅचमेंट, डावा, एच ३१.४२२ वेगळा. पण बऱ्याच वर्षांचा आंधळा, आक्रसलेला डोळा असेल आणि निदान ‘थायसिस बल्बाय’ असेल, तर एच ४४.५२ मधला कोड लावून थांबा. आक्रसलेला डोळा मऊ असतोच. त्याला हायपोटोनी वेगळी लावायची नाही.

इथला क्लेम आणि तिथला चार्ट

हा फरक न कळल्याने गावाकडच्या हॉस्पिटलमध्ये कामाला लागलेली मुलं अडकतात. क्लासमध्ये शिकलेली असतात आयसीडी-१०-सीएम. पण जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये हायपोटोनीला एकच कोड आहे, एच ४४.४. बस. त्याला पुढे फांदी नाही, डावं-उजवं नाही. अमेरिकेने आपल्या कामासाठी त्याच झाडाला जास्त फांद्या काढल्या.

भारतात विम्याचा क्लेम करताना हॉस्पिटलने भरायचा भाग, पार्ट बी, त्यात आयसीडी-१० चा रकाना असतो. काही ठिकाणी मूळ कोड चालतो, काही ठिकाणी सॉफ्टवेअरमध्ये सीएम घातलेलं असतं. पहिल्याच दिवशी विचारून घ्या. मूळ आवृत्तीत एच ४४.४ बरोबर आणि सीएममध्ये तोच कोड अपुरा, हे लक्षात ठेवलंत तर निम्मे प्रश्न सुटतात. आणि मूळ कोडमध्ये बाजू नसते, म्हणून निदानाच्या रकान्यात ‘डावा डोळा’ शब्दांत लिहायलाच हवं. आजींच्या क्लेममध्ये ही बाजूच चुकीची गेली होती.

आयसीडी-११ संघटनेने १ जानेवारी २०२२ पासून लागू केली आहे. मात्र वर सांगितलेल्या अमेरिकेतल्या चार्टचं काम सीएमवरच चालतं, म्हणून शिकायला सुरुवात त्याच्यापासूनच करा.

पैसे भरण्याआधी

‘ताई, पुण्याला क्लास लावू का हैदराबादला?’ असा फोन आठवड्यात एकदा तरी येतो. माझं उत्तर ठरलेलं असतं. आधी घरी बसून पंधरा दिवस बघा. आयसीडी-१०-सीएमची पूर्ण यादी आणि नियमांची पुस्तिका अमेरिकेच्या सीडीसीच्या साइटवर फुकट मिळते. संघटनेची मूळ आयसीडी-१० सुद्धा ऑनलाइन फुकट बघता येते. एच ०० ते एच ५९ हा डोळ्याचा अध्याय उघडा आणि रोज एक गट वहीत मराठीत समजून लिहा. कुठला शब्द शरीराच्या कुठल्या भागाचा, ते आपल्या भाषेत कळलं की इंग्रजी शब्द पाठ करावा लागत नाही, तो ओळखीचा होतो. मराठी शाळेतून आलो म्हणून हे जमणार नाही असं कुणी सांगितलं तर मनावर घेऊ नका. मी ‘कॉर्निया’ हा शब्द प्रथम ‘पारदर्शक पडदा’ म्हणूनच शिकले, आणि आजही चार्ट वाचताना आधी तोच डोळ्यांसमोर येतो.

एएपीसी या कोडरांच्या अमेरिकन संस्थेची सीपीसी परीक्षा १०० प्रश्नांची, ४ तासांची असते, पुस्तकं उघडून देता येते. पास व्हायला ७० टक्के लागतात. पुस्तक जवळ असतं म्हणून सोपी वाटते, पण पानं शोधण्यात वेळ गेला तर शेवटचे वीस प्रश्न तसेच राहतात. नोकरीची लेखी हमी देऊन आगाऊ मोठी रक्कम मागणाऱ्या क्लासपासून जरा लांबच राहा. आधी शिकून गेलेल्या दोघांशी बोला.

सरावासाठी पाच ओळी देते. पाटीवर किंवा वहीत उत्तर लिहा, मगच खाली बघा.

एक. ‘फ्लॅट चेंबर हायपोटोनी, ओएस.’

दोन. ‘क्रॉनिक इरिडोसायक्लायटिस ओयू, त्यामुळे हायपोटोनी.’

तीन. ओपीडी. ‘प्रेशर आरई ५, एलई १४. निदान: ग्लॉकोमा फॉलोअप.’

चार. ‘प्रायमरी हायपोटोनी, उजवा डोळा.’

पाच. निदानात ‘हायपोटोनी ड्यू टू फिस्ट्युला, आरई’. ऑपरेशनच्या कागदात एलई.

पहिल्याचं उत्तर एच ४४.४१२, कारण ओएस म्हणजे डावा. दुसऱ्याचं एच ४४.४३३ आणि सोबत क्रॉनिक इरिडोसायक्लायटिसचा, म्हणजे जुन्या सुजेचा, एच २०.१३. तिसऱ्यात हायपोटोनीचा कोड नाही. डॉक्टरांनी ती लिहिलेली नाही, आणि आकडा निदान नसतो. ग्लॉकोमाचा कोड मात्र लागेल, त्याचा प्रकार आणि टप्पा चार्टमध्ये शोधा. चौथ्याचं एच ४४.४४१. पाचव्यात एच ४४.४२१ लिहिलंत तर खोडा. तिथे आज कोड नाही. दोन्ही कागद जोडून डॉक्टरांना क्वेरी जाते, आणि उत्तर येईपर्यंत चार्ट बाजूला ठेवायचा.